पळपुट्याची भूमिका

मरण दुपारी दोनचं ठरलं होतं, आणि थान शाओयी सकाळपासून त्यासाठी तोंड ताणून घेत बसला होता. तोंड ताणून घेणं म्हणजे अगदी शब्दशः. कानांमागे आणि कपाळाच्या वर, टोपाखाली लपतील अशा पारदर्शक पट्ट्या चिकटवायच्या आणि त्यांचे दोरे डोक्यामागे आवळून बांधायचे, की अडुसष्ट वर्षांचे गाल चव्वेचाळीस वर्षांचे होतात. तासदोन तास बरं दिसतं, मग डोकं ठणकायला लागतं. सेनापती मंग थिएशान चव्वेचाळिसाव्या वर्षी नदीकाठी जपान्यांच्या गोळीने एकदाच मेले. त्यांच्या वतीने थान गेली चौतीस वर्षं मरत होता आणि दर खेपेला मरताना आदल्या खेपेपेक्षा जास्त म्हातारा असायचा.

"मास्तर, हसू नका, पट्टी सुटेल," रंगभूषेची बाई ओरडली.

"मी मरायला चाललोय बाई, हसतोय कुठे?"

"तुम्ही मरताना हसता. सगळ्या सिनेमांत हसता. लोकांना तेच तर आवडतं."

दोनला तो मेला. नदीच्या चिखलात पडला, हात वर केला, हसला. उठल्यावर निर्मात्याच्या माणसाने लाल पाकीट हातात ठेवलं. पडद्यावर मेलेल्या माणसाला अपशकुन लागू नये म्हणून ते द्यायची रीत आहे. थानने ते न बघताच बायकोला, सूयुनला, दिलं. "बाकीच्या बायकांचे नवरे जगून कमावतात," ती म्हणाली आणि पाकीट भाजीच्या पिशवीत टाकलं.

हे सगळं सुरू झालं ते एका फोटोमुळे. सेनापतींचा जगात एकच फोटो उरला होता. त्यात पंधरावीस माणसं ओळीने उभी होती आणि सेनापतींचं तोंड तिळाएवढं होतं. त्यांच्यावर पहिला सिनेमा करायचं ठरलं तेव्हा दिग्दर्शक तो तीळ भिंगातून बघत दोन प्रांत हिंडला. शेवटी एका जिल्ह्याच्या नाटक मंडळीत त्याला थान दिसला आणि तो ओरडला, हाच! आता तिळासारखं कोण दिसत नाही? पण सिनेमा असा काही चालला की विचारू नका. लोकांनी थानचं तोंड पाहिलं, त्यांना ते पटलं, आणि सेनापतींना तोंड मिळालं. मग पाठ्यपुस्तकात ते तोंड आलं. कॅलेंडरवर आलं. सेनापतींच्या तालुक्याने चौकात पितळी पुतळा उभारला तो थानच्या फोटोवरून. शिल्पकार इतका प्रामाणिक, की त्याने डाव्या कानाची तुटकी पाळीसुद्धा सोडली नाही. थानला लहानपणी शेजारचा कुत्रा चावला होता. स्मारकातली मार्गदर्शक मुलगी मात्र शाळेच्या पोरांना सांगते, की आधीच्या एका लढाईत गोळी कानाला चाटून गेली होती.

मधे एकदा एका देखण्या तरुण नटाला सेनापती करून पाहिलं. लोक खवळले. सेनापती असे दिसत नाहीत म्हणाले! झालं, थानला परत चिखलात बोलावलं.

लोकांनी प्रेम केलं, यात काही वाद नाही. पण त्या प्रेमात हातपाय हलवायला जागा नव्हती. मंडईत तो कोबीच्या भावावरून बोलायला गेला, की भाजीवाली म्हणायची, "अहो सेनापती, तुम्हीसुद्धा?" म्हणून सूयुन घासाघीस करायची आणि तो कोपऱ्यावर उभा राहायचा. रस्त्याकडेला उकिडवं बसून सिगारेट ओढायची नाही. खलनायक व्हायचं नाही, विनोदी व्हायचं नाही, कुणाच्या मुलीच्या लग्नात दारू चढू द्यायची नाही. स्मारकात त्याच्या तसबिरीपुढे म्हाताऱ्या बायका उदबत्त्या लावायच्या आणि सूयुन चिडायची. "जिवंत माणसापुढे उदबत्ती लावली की आयुष्य कमी होतं! सांगा ना त्यांना!"

"एवढ्या लागल्यात, की एव्हाना मी जन्मायच्या आधीच जायला हवा होतो," थान म्हणायचा. पण हे तो हसत म्हणायचा ते बाहेर. आत त्याला कितीतरी वर्षांपासून श्वास पुरत नव्हता.

आणि त्या दिवशी, मरण आटोपून तो चित्रनगरीच्या खानावळीत तांदळाच्या शेवया खात बसला असताना, निंग शिन नावाची एक दिग्दर्शक समोर येऊन बसली. तिशीची, केस कापलेले, एक छोटा सिनेमा केलेला. तिने पाल्हाळ लावलं नाही.

"मास्तर, माझ्या सिनेमात एक म्हातारा आहे. टोफू विकतो. तरुणपणी नदीच्या लढाईतून पळून आला आणि आयुष्यभर कुणाशी त्याबद्दल बोलला नाही. तो तुम्ही करा."

थानच्या जेवायच्या काड्या वाटीतच राहिल्या. "तू मला ओळखलं नाहीस वाटतं."

"ओळखलं म्हणून तर आले. गेले तीन दिवस बघतेय. तुम्ही भिंतीकडे तोंड करून जेवता, चोरासारखे. मला सेनापती नकोय. मला तो भिंतीकडे तोंड करून जेवणारा माणूस हवाय."

थानने शेवया संपवल्या, सूप प्याला, आणि तिचा नंबर लिहून घेतला.

कारण निंग शिनला माहीत नव्हतं, आणि सूयुनशिवाय जगात कुणालाच माहीत नव्हतं, की थानचा बाप त्या लढाईतून पळून आला होता. त्याच नदीवरून, त्याच सेनापतीच्या फौजेतून. पहाटे बोरूच्या रानात शिरला आणि मागे बघितलं नाही. जे थांबले ते सगळे मेले. थान मोठा झाल्यावर आजीने त्याला एकदाच, चुलीपाशी, कानात सांगितलं होतं, "तुझा बाप पळाला म्हणून तू आहेस. बाहेर बोलायचं नाही." तो बोलला नाही. बापानेही कधी तोंड उघडलं नाही. पुढे पहिला सिनेमा गावात आला, खळ्यावर पडदा लावला, सगळं गाव आपल्या पोराला बघायला जमलं. बापाला मानाने पुढे बसवलं. पडद्यावर थान नदीकाठी उभा राहून गरजला, "एकही पाऊल मागे नाही!" आणि खाली त्याच्या बापाने आपलं स्टूल उचललं आणि घरी गेला.

त्या दोघांत त्याबद्दल एक अक्षर झालं नाही. चार वर्षांनी बाप वारला. थानला तेव्हापासून रोज वाटत आलं, की बापापाशी जाऊन त्या स्टुलाबद्दल काहीतरी बोलायला हवं होतं. काय, ते त्याला कधी सुचलं नाही. आता निंग शिनने ते त्याच्यापुढे आणून ठेवलं होतं.

"करा," घरी हे ऐकून सूयुन म्हणाली. "आयुष्यात पहिल्यांदा तुमच्या तोंडाचा तुम्हाला उपयोग होईल."

पण तोंड त्याच्या एकट्याचं कुठे राहिलं होतं! निर्मात्याची अट होती, की सेनापतींच्या माणसांचा होकार आणा. नाहीतर लोक तुटून पडतील, सिनेमा डब्यात जाईल, आणि सगळ्यांच्या पोटावर पाय येईल. स्मारकाशी थानचा करारही होता, की सेनापतींच्या प्रतिमेला बाधा येईल असं काही करायचं नाही. छिंगमिंग आठवड्यावर आला होता. पितरांच्या थडग्यांवर फुलं वाहायच्या त्या दिवशी थान दरवर्षी सेनापतींच्या तालुक्यात जायचाच, गणवेश घालून समारंभात उभा राहायचा. या वेळी तो हे विचारायचं ठरवून गेला.

स्मारकाचे प्रमुख फांग साहेब गोल, हसरे, चहा पाजून माणसाला गप्प करणारे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"पण थान मास्तर, सेनापती पळाले असं दिसेल हो!"

"पळणार मी. सेनापती कशाला पळतील?"

"चेहरा कुणाचा?"

"माझा!" थान म्हणाला. त्याचा आवाज चढला होता.

फांग साहेबांनी नुसतं खिडकीबाहेर बघितलं. चौकात पितळी थान हात वर करून उभा होता आणि एक आई त्याच्या बुटापाशी पोराला उभं करून फोटो काढत होती.

"मी कोण नाही म्हणणारा?" फांग साहेब म्हणाले. "मंग आजींना विचारा. त्यांची मान हलली तर माझी सही तयार आहे. फक्त आधी उद्याच्या समारंभाची तालीम उरकून घ्या, शाळेची पोरं केव्हाची उन्हात उभी आहेत."

तालीम झाली. थानने पोरांसमोर हात वर केला, तेच वाक्य गरजला, पोरांनी टाळ्या वाजवल्या. गणवेश बदलायलाही तो थांबला नाही. थांबलो तर धीर सुटेल असं त्याला वाटलं. तसाच बूट वाजवत तो स्मारकामागच्या छोट्या घराकडे गेला.

मंग शूचेन सेनापतींची एकुलती एक मुलगी. ऐंशी वर्षांची. बाप मेला तेव्हा ती पाळण्यात होती, त्यामुळे तिने त्याला पाहिलं होतं ते सगळ्यांसारखंच, पडद्यावर. पहिल्यांदा थानला भेटली तेव्हा ती गमतीने "बाबा" म्हणाली आणि सगळे हसले. मग दरवर्षी म्हणत गेली आणि हळूहळू कुणी हसेनासं झालं. थान तिला ताई म्हणायचा. बाप मुलीपेक्षा बारा वर्षांनी लहान, पण त्या घरात हा हिशेब कुणी करत नसे.

"आलात बाबा? बूट तिथेच काढा, आत्ताच पुसलंय."

ती अंगणाकडच्या खोलीत बांबूचे कोवळे कोंब सोलत बसली होती. त्याने बूट काढले, तिच्यासमोर बसला, आणि एका दमात सगळं सांगून टाकलं. म्हातारा, टोफू, निंग शिन, फांग साहेब. ती सोलत राहिली.

"नाही," ती म्हणाली.

"ताई, तीन महिन्यांचं तर काम आहे. दाढी वाढवीन, पाठीत वाकेन, कुणी ओळखणारसुद्धा नाही."

"ओळखणार नसतील तर दुसऱ्या कुणाला घ्या म्हणावं. नट काय कमी आहेत?"

"मला करायचंय ते."

"आणि मला नको आहे. बाबांनी पळायचं नाही. झालं बोलून."

आता थानच्या आत चौतीस वर्षांचं काहीतरी फुटलं.

"ताई, मी इतकी वर्षं तुमच्या बापासाठी मेलो. एकदा माझ्या बापासाठी पळू द्या मला."

तिची सुरी थांबली. "तुमच्या बापासाठी?"

मग त्याने तेही सांगितलं. पहाट सांगितली, बोरूचं रान सांगितलं, खळ्यावरचं स्टूल सांगितलं. बोलताना त्याला भीती वाटत होती, की ती उठेल आणि दार दाखवेल. तिचा तो हक्कच होता.

"म्हणजे माझे बाबा पडले तेव्हा," ती सावकाश म्हणाली, "त्यांच्या बाजूला एक जागा मोकळी होती."

"होती."

"तुम्ही ते माहीत असून माझ्याकडे जेवत आलात."

"आलो."

ती पुन्हा सोलायला लागली. साल खूप जाड निघत होती, निम्मा कोंब वाया जात होता. बाहेर फांग साहेबांची माणसं उद्याच्या खुर्च्या मांडत होती, त्यांचा खडखडाट येत होता. थान खाली मान घालून बसून राहिला. आता सिनेमा गेलाच होता. निदान हे घर तरी राहतंय का, एवढंच तो बघत होता.

"घरी कसे आले?" तिने अचानक विचारलं.

"कोण?"

"तुमचे वडील. नदीवरून घरी आले तेव्हा. दारात आल्यावर काय म्हणाले?"

"मी तेव्हा नव्हतो. आजीने सांगितलं होतं." थान म्हणाला. "किती दिवस चालत होते कोण जाणे. पायात काही नाही, नुसती हाडं. आजीने आधी ओळखलंच नाही, भिकारी म्हणून हाकलायला उठली. तर उंबऱ्यात उभे राहून म्हणाले, खायला काय आहे?"

"एवढंच?"

"एवढंच. आजी म्हणाली रताळी आहेत. उभ्यानेच खाल्ली, सालासकट."

शूचेनने सुरी खाली ठेवली आणि मांडीवरची सालं एका हाताने गोळा करत राहिली.

"आई दाराला कडी लावायची नाही," ती म्हणाली. "बाबा गेल्याचा कागद आला होता, सरकारी माणूस येऊन वाचून गेला होता, तरी लावायची नाही. चोर यायचे, ते परवडले म्हणायची. आणि मला शाळेत पहिल्या बाकावर बसवायचे, सेनापतीची मुलगी म्हणून. वीरांची गोष्ट आली की सगळा वर्ग माझ्याकडे बघायचा. मी ताठ बसायचे. आणि रात्री पांघरुणात तोंड घालून म्हणायचे, बाबा, पळून या. त्यांना सोडा सगळ्यांना आणि पळून या. मग वाटायचं, हे कुणी ऐकलं तर?"

थानने हात पुढे केला, पण तिने तो घेतला नाही.

"बाहेर जा," ती म्हणाली.

"अं?"

"बूट घाला, फाटकापाशी जा, आणि आत या. तसं म्हणा."

"ताई..."

"नट आहात ना? जा."

थान उठला. अडुसष्टाव्या वर्षी ते लांब बूट एकट्याने चढवणं म्हणजे एक दिव्यच. त्याने भिंतीला टेकून ते चढवले आणि फाटकापाशी जाऊन उभा राहिला. घरापासून दहा पावलांचं अंगण होतं. छाती आपोआप पुढे आली, हनुवटी वर गेली, कारण तो गणवेश अंगावर असताना त्याला दुसरं काही येतच नव्हतं. तो तसाच दोन पावलं चालला आणि थांबला. असा कुणी घरी येत नाही. मग त्याने टोपी काढली. गळ्याची बटणं सोडली. खांदे खाली येऊ दिले, आणि त्याच्या लक्षात आलं, की ते मुद्दाम पाडायची गरजच नाही, ते गेली कित्येक वर्षं पडायला टपलेले होते. त्याला आपला बाप आठवला. शेतावरून येताना चिखलाचे पाय दाराच्या दगडावर घासायचा, आत यायला परवानगी मागितल्यासारखा.

त्याने बूट दगडावर घासले. उंबऱ्यात उभा राहिला. आत शूचेन बांबूच्या ढिगाऱ्यामागे बसली होती आणि त्याच्याकडे बघत नव्हती, दाराकडे बघत होती. तीन शब्दांचं वाक्य. हजारो माणसांच्या फौजेसमोर त्याची जीभ कधी अडखळली नव्हती, आणि आता त्याने ते आधी मनातल्या मनात म्हणून पाहिलं.

"खायला काय आहे?"

आवाज निघाला तो त्याने कमावलेला नव्हता. तो खेड्यातला होता, घशात अडकलेला, थोडासा ओशाळलेला. शूचेन बघत राहिली. मग ती उठली, गुडघ्यांना हात लावून, एकेक करत.

"रताळी नाहीत," ती म्हणाली. "भात आहे. कोंब आहेत, धुरातलं मांस घालून. हात धुऊन घ्या."

तिने वाटी भरून आणली. थान आत येऊन बसायला लागला, तशी ती म्हणाली, "बसू नका. उभ्यानेच खा." तो उंबऱ्यात उभा राहून खाऊ लागला. त्याला भूक नव्हती असं त्याला वाटत होतं, पण त्याने हावऱ्यासारखं खाल्लं, शितं गणवेशावर सांडली. ती समोर उभी राहून बघत होती. ती रडत होती आणि रडता रडता त्याच्या वाटीत मांसाचे तुकडे टाकत होती. चांगले चांगले वेचून टाकत होती.

थानच्या मनात आलं, बापाने हे बघायला हवं होतं. आणि त्याला पहिल्यांदाच आशा वाटली.

"ताई," तो भरल्या तोंडाने म्हणाला, "मग सिनेमाचं..."

"नाही."

"पण आत्ता तर तुम्हीच..."

"आत्ता घरात." तिने डोळे पुसले. आवाज अगदी साधा होता, भाव सांगावा तसा. "बाहेर ते मेलेलेच राहू द्यात. त्यांच्याबरोबर जे मेले त्यांनाही मुली होत्या. चारपाच अजून जिवंत आहेत, उद्या पुढच्या खुर्च्यांवर बसतील. त्यांना काय सांगू? तुमचे बाप नदीत राहिले आणि माझा जेवायला घरी आला?"

थानने वाटीतले उरलेले घास संपवले. निंग शिनला फोन करावा लागेल, ती म्हणेल बरं, आणि भिंतीकडे तोंड करून जेवणाऱ्या दुसऱ्या कुणाची तरी पाठ शोधेल. नट काय कमी आहेत?

"पुढच्या वर्षीही या," शूचेन म्हणाली. "समारंभाच्या आदल्या दिवशी. गणवेश घालूनच या, आणि असेच दारात उभे राहा. दरवर्षी या. मी असेपर्यंत."

एक सेनापती पाठीवरून उतरवायला तो आला होता, आणि आता दोन झाले होते, एक नदीत मेलेला आणि एक घरी जेवायला येणारा. नाही म्हणायला हवं होतं. समोर ऐंशी वर्षांची बाई हातात पळी धरून उभी होती, आणि त्याच्या उत्तराची वाट बघताना तिचं तोंड एखाद्या लहान मुलीसारखं झालं होतं.

"अजून वाढू?" तिने विचारलं.

थानने वाटी पुढे केली.

"वाढ, पोरी," तो म्हणाला.